केसपेपरवर निदान म्हणून नुसतं ‘अँक्झायटी’ (चिंता) असेल तर कोणता कोड टाकायचा?
मग आयसीडी-१० मध्ये, म्हणजे आजारांच्या कोडच्या आंतरराष्ट्रीय यादीत, एफ४१.९ (प्रकार न सांगितलेला चिंताविकार) टाका. एफ४१.१ हा जनरलाइज्ड अँक्झायटी डिसऑर्डरचा (जीएडी, अनेक गोष्टींची सततची अतिचिंता) कोड. डॉक्टरांनी तसं निदान लिहिलेलं नसेल, तर कोडिंग करणाऱ्याने मनानेच तो लावू नये, डॉक्टरांना विचारावं. जीएडी-७ या ७ प्रश्नांच्या चाचणीचा स्कोअर १४ आहे म्हणूनही नाही. ती चाचणी चाळणीपुरती, निदान नव्हे.

डॉक्टरांनीही नोंद जरा सविस्तर करावी. डीएसएम-५ (मानसिक आजारांच्या निदानाची अमेरिकी नियमावली) नुसार जीएडीच्या निदानासाठी किमान ६ महिने, बहुतेक दिवस, आवरता न येणारी काळजी हवी. सोबत झोप उडणं, चिडचिड, थकवा, अंग आखडणं अशा ६ पैकी ३ तक्रारी. थायरॉइडची तपासणी मात्र आधी उरका. हात थरथरतात, छाती धडधडते, आणि निघतो हायपरथायरॉइडिझम, म्हणजे थायरॉइडचं संप्रेरक जास्त झालेलं!