गोळा आपलाच, स्फोट अपघाती: कोड कुठला लावायचा?

कवठेएकंदच्या दसऱ्याच्या आतषबाजीत भाजलेला माणूस, खाणीत जिलेटिन वेळेआधी उडून जखमी झालेला कामगार आणि सरावात स्वतःच्याच तोफगोळ्याने जायबंदी झालेला जवान, या तिघांच्याही केसपेपरवर ‘ब्लास्ट इंज्युरी’ एवढंच लिहिलेलं असू शकतं. कोड मात्र तिघांचे वेगळे. आजार-दुखापतींना कोड देणाऱ्या अमेरिकी यादीत, म्हणजे आयसीडी-१०-सीएममध्ये, शोभेच्या दारूला डब्ल्यू३९, सुरुंगाच्या दारूला डब्ल्यू४०.० आणि जवानाला वाय३७. (कोडातली अक्षरं इथे देवनागरीत आहेत, सॉफ्टवेअरमध्ये मूळ रोमन अक्षरंच टाकायची.)

घरी बसून अमेरिकेचे चार्ट करणारे आणि मिरजेच्या दवाखान्यांतल्या रेकॉर्ड विभागात बसणारे, दोघांच्याही हातात ‘आयसीडी-१०’ असते, पण याद्या दोन: अमेरिकेची आणि जागतिक आरोग्य संघटनेची. चुका तिथूनच सुरू होतात. आधी अमेरिकी यादी घेऊ.

कोड शोधण्याआधी नोंदीतून चार गोष्टी काढा: दारूगोळा कुणाचा, युद्ध चालू होतं की शांतता, घडलं ते अपघाताने की कुणी घडवलं, आणि जखमी सैनिक की नागरिक. युद्धकाळ असेल तर वाय३६. शांततेच्या काळात लष्कराच्या हद्दीत किंवा सरावात घडलं असेल तर वाय३७. इथे दिवस धरायचा तो घटनेचा, तपासणीचा नव्हे. आपलाच दारूगोळा चुकून फुटला किंवा सुटला, तर वाय३७.२४. पुढे सैनिकाला ०, नागरिकाला १. उपचार चालू असेल तर शेवटी ए. झाला वाय३७.२४०ए. सहा अक्षरं आधीच भरलेली असल्याने मध्ये एक्स घालायचा नाही. सुरुंगाच्या कोडात मात्र जागा रिकाम्या राहतात, म्हणून तो डब्ल्यू४०.०एक्सएक्सए.

आळसाने लागतो तो वाय३७.२०, कारण नुसतं ‘स्फोट’ लिहिलं असेल तर तो तिथेच पडतो. ‘उखळी बॉम्ब नळीतच फुटला’ असं नोंदीत स्पष्ट असताना २० लावणं म्हणजे हातातली माहिती फेकून देणं. नोंद मोघम असेल तर डॉक्टरांना क्वेरी पाठवा, स्वतः अंदाज बांधू नका.

पुलगावच्या दारूगोळा भांडारात ३१ मे २०१६ रोजी आग लागून स्फोट झाले, तेव्हा सैनिकांबरोबर अग्निशमन दलाचे नागरी कर्मचारीही मृत्युमुखी पडले. अशा घटनेतले जखमी अमेरिकी यादीने कोड करायचे झाले, तर एकाच स्फोटाला सैनिकासाठी वाय३७.२४० आणि नागरिकासाठी वाय३७.२४१ लागेल. कामाचा कोडही निराळा: सैनिकाला वाय९९.१, पगारी नागरिकाला वाय९९.०. सुट्टीवरचा जवान असेल तर वाय९९.८.

जागेतही गफलत होते. फायरिंग रेंज, सरावाचं मैदान यांना वाय९२.८४. बराकी, मेस असलेला तळ वाय९२.१३ मध्ये. जागा, कृती आणि काम यांचे कोड पहिल्या भेटीतच एकदा लावायचे, पुन्हा नाही.

हे सगळे बाह्य कारणाचे, म्हणजे दुखापत कशी आणि कुठे झाली ते सांगणारे कोड, म्हणून ते कधीच पहिल्या ओळीत येत नाहीत. पहिली ओळ सर्वांत गंभीर दुखापतीची. दोन्ही फुप्फुसांना स्फोटाच्या दाबलाटेचा मार असेल तर एस२७.३१२ए. उजव्या कानाचा पडदा फाटल्याचं लिहिलं असेल तर एस०९.२१एक्सए, नुसतं ‘उजव्या कानाला ब्लास्ट इंज्युरी’ असेल तर एस०९.३११ए. अंगाचा २४ टक्के भाग भाजला आणि त्यातला १२ टक्के तिसऱ्या दर्जाचा, तर टी३१.२१. पण हा कोड एकटा नको, कुठला भाग भाजला त्याचे टी२० ते टी२५ मधले कोड त्याच्या आधी हवेत. एकाच जागी दोन दर्जाचं भाजलं असेल तर वरचा दर्जाच घ्यायचा.

हाताचं हाड उघडं मोडलं पण गस्टिलो प्रकार (उघड्या मोडीची तीव्रता) लिहिलेला नाही, तर शेवटचं अक्षर बी. तोच बी वाय३७ ला चिकटवू नका, तिथे ए, डी आणि एस (जुन्या दुखापतीचा मागे राहिलेला परिणाम) एवढेच चालतात. आणि ए म्हणजे ‘पहिली भेट’ नव्हे. तिसरी शस्त्रक्रिया असली तरी मूळ दुखापतीवर सक्रिय उपचार चालू आहेत तोवर ए, जखम भरत आल्यावरच्या फेऱ्यांना डी.

आता जागतिक आरोग्य संघटनेची यादी. भारतात मृत्यूच्या कारणांची आकडेवारी हिच्यावर बसते. हिच्यात वाय३७ नाहीच. युद्धात आपलंच शस्त्र फुटलं तर वाय३६.२, शांततेत फुटलं तर डब्ल्यू४०, आणि टिंबानंतरचा आकडा जागेचा: लष्करी छावणी १, कारखाना ६, सरावाचं मैदान ८. म्हणजे इथला डब्ल्यू४०.८ मैदान सांगतो, तर अमेरिकी यादीतला डब्ल्यू४०.८ स्फोटकाचा ‘इतर’ प्रकार. दिसायला जुळे, अर्थाने परके. दोन्ही कामं करणाऱ्याने दोन वेगळ्या वह्या ठेवलेल्या बऱ्या.

मृत्यूच्या कारणाच्या वैद्यकीय दाखल्यावर, म्हणजे फॉर्म ४ वर, डॉक्टर पुष्कळदा ‘मल्टिपल इंज्युरीज’ लिहून थांबतात. त्यावरून मूळ कारण कळत नाही. ‘सरावात तोफगोळ्याचा अपघाती स्फोट’ हे पहिल्या भागाच्या सर्वांत खालच्या भरलेल्या ओळीत हवं, आणि मृत्यू कसा झाला या रकान्यात अपघातावर खूण हवी.

अपशिंगे मिलिटरीसारखी सैनिकांची गावं असलेल्या साताऱ्यात अशी केस जुनी होऊनच समोर येण्याचा संभव जास्त: दोन्ही कानांच्या नसांचं नुकसान होऊन (सेन्सोरिन्यूरल) ऐकू येत नाही, कारण सेवेत आपल्याच दारूगोळ्याचा झालेला स्फोट. जागतिक यादीत आजचा त्रास आधी, एच९०.३. मग डोक्याच्या जुन्या दुखापतीचा परिणाम टी९०.८. शेवटी १९७१ किंवा १९९९ च्या लढाईतला स्फोट असेल तर वाय८९.१, शांततेतल्या सरावातला असेल तर वाय८६. अमेरिकी चार्टवर हेच एच९०.३, एस०९.३१३एस, आणि लढाई असेल तर वाय३६.२४०एस, सराव असेल तर वाय३७.२४०एस. अंगात धातूचा तुकडा राहून गेला असेल तर त्या चार्टवर झेड१८.१ मधला कोडही जोडायचा.