जुने नाते आठवताना
तुटलेल्या नात्याचा विचार करायचा असेल, तर आठवणीवर विसंबण्याआधी त्या काळातले मेसेज, रोजनिशी आणि तिकिटे तारखेनुसार समोर मांडावीत. १९७४ मध्ये मानसशास्त्रज्ञ एलिझाबेथ लॉफ्टस आणि जॉन पामर यांनी अपघाताची चित्रफीत दाखवून गाड्यांच्या वेगाबद्दल विचारलेल्या प्रश्नातले केवळ एक क्रियापद बदलले, तेव्हा आठवड्याने काहींना न फुटलेल्या काचाही आठवल्या. ‘तो नेहमीच असा वागायचा का?’ हा प्रश्नही तेच करतो, म्हणून ‘त्या रविवारी काय घडले?’ असे स्वतःला विचारावे. ज्या भांडणात मी गप्प बसले अशी माझी खात्री होती, त्याच रात्री मी पाठवलेले अकरा मेसेज फोनमध्ये सापडले, लाजच वाटली. मैत्रिणीची साक्ष जरूर काढावी, मात्र तिला आपली हकिगत आधी ऐकवू नये, आणि तिने वेगळेच सांगितले तर दोन्ही बाजू तशाच लिहून ठेवाव्यात.