पाल्याला तलवारबाजीला पाठवताना ऑलिंपिक विजेत्यांकडून काय घ्यावे

पुण्यात तलवारबाजीचे नाव काढले की ऐकणाऱ्याच्या डोळ्यांपुढे आधी दांडपट्टा येतो. सहा वर्षांपूर्वी माझी मुलगी वर्गाला जाऊ लागली तेव्हा आमच्या सोसायटीतल्या एका आजोबांनी मोठ्या कौतुकाने, "म्हणजे यंदा शिवजयंतीच्या मिरवणुकीत दिसणार तर!" असे म्हटले होते. मर्दानी खेळांविषयी पूर्ण आदर बाळगूनही त्यांना सांगावे लागले की हा खेळ वेगळा आहे. तो चौदा मीटर लांब आणि जेमतेम दोन मीटर रुंद पट्टीवर खेळला जातो, त्यात गुण विजेच्या दिव्यांवर कळतो आणि १८९६ पासूनच्या प्रत्येक ऑलिंपिकमध्ये त्याचा समावेश राहिला आहे.

२०२१ मध्ये टोकियोत भवानी देवी उतरली, ऑलिंपिकसाठी पात्र ठरलेली ती पहिली भारतीय तलवारबाज ठरली, आणि तेव्हापासून माझ्यासारख्या जुन्या पालकांकडे नव्या पालकांची चौकशी सुरू झाली. वर्ग कोणता, शस्त्र कोणते, खर्च किती, असे प्रश्न असतात. त्या साऱ्यांना मी एकच गोष्ट आधी सुचवतो. विजेत्यांची कारकीर्द पदकापासून मागे वाचू नये, पहिल्या दिवसापासून पुढे वाचावी. पदकाकडून मागे पाहिले की सगळे आधीच ठरलेले होते असे वाटू लागते आणि पालक घाईला लागतात. पुढच्या सूचना याच बेताने लिहिल्या आहेत.

वर्ग पाहायला जाताना

पहिल्या भेटीत तलवारींकडे पाहू नये, मुलांच्या पायांकडे पाहावे. चांगल्या वर्गात नवी मुले पहिले काही आठवडे शस्त्राशिवाय पुढे-मागे सरकताना दिसतात. गुडघे वाकलेले असतात, टाचा एका रेषेत असतात, डोके वरखाली होत नाही. पाहणाऱ्या पालकाला हे कंटाळवाणे वाटते, परंतु या खेळातला निम्म्याहून अधिक भाग अंतर राखण्याचा आहे आणि अंतर राखतात ते पाय. भवानी देवीने चेन्नईतल्या शाळेत सुरुवात केली तेव्हा सरावाला बांबूच्या काठ्या वापरल्या जात असत. खेळांच्या यादीतल्या बाकीच्या जागा भरल्या होत्या म्हणून तिने तलवारबाजी घेतली, असे तिने स्वतः सांगितले आहे. तेव्हा वर्गात झगमगीत साहित्य नाही म्हणून नाक मुरडण्याचे कारण नाही.

एक कसोटी मात्र मी प्रत्येक ठिकाणी लावतो. बहुतेक वर्गांत हातमोज्याचा एक खेळ घेतात. प्रशिक्षक खांद्याच्या उंचीवर हातमोजा धरतात आणि काही न सांगता सोडून देतात, आणि मुलाने पुढे झेप घेऊन, म्हणजे लंज मारून, तो जमिनीवर पडण्याआधी पकडायचा असतो. मूल हातमोजा पकडते की नाही हे महत्त्वाचे नाही. प्रशिक्षक काय दुरुस्त करतात ते पाहावे. लंजमध्ये हात आधी सुटला पाहिजे आणि पाऊल त्यामागून पडले पाहिजे. घाईत बहुतेक मुले आधी पाय टाकतात. जो प्रशिक्षक पकडलेल्या हातमोज्यालाही "पाय आधी गेला, पुन्हा" म्हणतो, त्याच्याकडे मूल निर्धास्त सोपवावे.

वयाची चिंता फार करू नये. इटलीच्या वॅलेन्टिना वेझालीने सहाव्या वर्षी सुरुवात केली होती आणि पुढे २०००, २००४ व २००८ अशी सलग तीन वैयक्तिक सुवर्णपदके फॉइलमध्ये जिंकली. परंतु ती वाढली ती येझी नावाच्या लहानशा गावात, जिथल्या एकाच क्लबमधून जोव्हान्ना त्रिल्लिनी आणि एलिसा दी फ्रान्चिस्का यांच्यासारख्या ऑलिंपिक विजेत्या निघाल्या. तिथे मूल खेळायला जाते तेव्हा शेजारच्या पट्टीवर उद्याची विजेती सराव करत असते. ते वातावरण आपल्याकडे नाही, त्यामुळे सहाव्या वर्षाचा हट्ट धरून उपयोग नाही. आठ ते दहा हे वय मला ठीक वाटते.

शस्त्र ठरवताना

फॉइल, इपी आणि सेबर अशी तीन शस्त्रे आहेत. फॉइलमध्ये फक्त धडावर टोक लागले तरच गुण मिळतो. हातावर किंवा पायावर लागले तर पांढरा दिवा लागतो आणि खेळ थांबतो. इपीमध्ये डोक्यापासून बुटापर्यंत सारे शरीर लक्ष्य असते, आणि दोघांचे टोक सेकंदाच्या पंचविसाव्या भागाच्या आत लागले तर दोघांनाही गुण मिळतो. सेबरमध्ये कमरेच्या वरचा भाग, डोके आणि बाहू लक्ष्य असतात, तसेच टोकाबरोबर पात्याच्या धारेनेही वार करता येतो. फॉइल आणि सेबरमध्ये दोन्ही दिवे लागले तर आक्रमणाचा हक्क कोणाचा होता हे पंच ठरवतात. प्रेक्षागृहातल्या पालकांची भांडणे बहुधा याच मुद्द्यावरून होतात.

शांत, वाट पाहणाऱ्या मुलाला इपी आणि तडफदार मुलाला सेबर, असे ढोबळ गणित सांगितले जाते. त्यात थोडे तथ्य आहे, पण फार नाही. ज्या वर्गात जे शस्त्र नीट शिकवले जाते ते घ्यावे, हे त्याहून व्यवहार्य आहे. महिलांचे फॉइल ऑलिंपिकमध्ये १९२४ पासून आहे, इपी १९९६ मध्ये आली आणि सेबर थेट २००४ मध्ये. भवानी देवीने शाळेत तलवार हातात धरली ती याच सुमारास. तिच्या हाती आलेले शस्त्र, म्हणजे सेबर, खुद्द ऑलिंपिकलाही नवे होते.

साहित्य घेताना

पहिले सहा महिने बुटांखेरीज काही विकत घेऊ नये. मास्क, जॅकेट आणि शस्त्र वर्गातले वापरावे. बूट साधे बॅडमिंटनचे चालतात, मात्र ते विचित्र पद्धतीने झिजतात. पुढच्या पायाची टाच लंज मारताना आपटून झिजते आणि मागच्या पायाची आतली कड जमिनीवर घासून. आमच्या घरी मागच्या बुटाच्या अंगठ्याजवळ चौथ्या महिन्यात भोक पडले तेव्हा बूट खराब निघाला असे मला वाटले होते. प्रशिक्षकांनी तो बूट हातात घेऊन उलट समाधान व्यक्त केले.

माझी खरी चूक जॅकेटची. माझी मुलगी डावखुरी आहे. मी उत्साहाच्या भरात घरबसल्या जॅकेट मागवले आणि 'उजवे-डावे' हा रकाना पाहिलाच नाही. तलवारबाजीच्या जॅकेटची चेन शस्त्राच्या हाताच्या विरुद्ध बाजूला असावी लागते, म्हणजे पाते शिवणीत शिरण्याचा धोका राहत नाही. आमच्या जॅकेटची चेन नेमकी प्रतिस्पर्ध्याच्या समोर येत होती. ते जॅकेट सध्या वर्गातल्या एका उजव्या मुलाच्या अंगावर आहे. हातमोजाही एकाच हाताचा येतो, हेही ध्यानात ठेवावे.

डावखुरेपणाचा या खेळात लाभ होतो हे खरे आहे, कारण समोरच्याला डाव्या हाताविरुद्ध खेळण्याची सवय कमी असते. इटलीच्या एदोआर्दो मांजारोत्तीच्या वडिलांनी, जे स्वतः तलवारबाजीचे शिक्षक होते, जन्मतः उजव्या असलेल्या मुलाला मुद्दाम डाव्या हाताने खेळायला लावले आणि त्याने पुढे १९३६ ते १९६० या काळात तेरा ऑलिंपिक पदके मिळवली. ही गोष्ट पालकांना फार आवडते. तिचे अनुकरण मात्र करू नये. सक्तीने हात बदलायला लावलेली आणि पदक न मिळालेली मुले कोणत्याही चरित्रात येत नाहीत.

सुरक्षेविषयी विचारताना आईवडील संकोचतात, पण विचारले पाहिजे. १९८० चा ऑलिंपिक फॉइल विजेता व्लादिमीर स्मिर्नोव्ह १९८२ मध्ये रोमच्या जागतिक स्पर्धेत प्रतिस्पर्ध्याचे तुटलेले पाते मास्कमधून आत गेल्यामुळे दगावला. त्यानंतर मास्क, कपडे आणि पात्याच्या पोलादाचे निकष कडक करण्यात आले. आज कपड्यांवर कापड किती जोर झेलते हे सांगणारा ३५० किंवा ८०० न्यूटन असा आकडा छापलेला असतो. नवशिक्यांचे जॅकेट किमान ३५० चे असल्याची खात्री करावी आणि मास्कची जाळी चेपलेली किंवा गंजलेली असल्यास तो मास्क बाजूला ठेवायला सांगावे.

पुण्याच्या पावसाळ्यात साहित्याचा शत्रू वेगळाच असतो. फॉइल किंवा सेबर खेळताना वरून घालायचे धातूच्या धाग्यांचे जॅकेट, ज्याला सगळे 'लामे' म्हणतात, घामाने काळवंडते आणि तिथे विजेचा प्रवाह तुटतो; मग अंगावर लागलेला वार यंत्राला दिसत नाही. सरावानंतर ते बॅगेत गुंडाळून ठेवू नये. हँगरला लावून पंख्याखाली वाळवावे, आणि महिन्याकाठी कोमट पाण्यात थोडा सौम्य साबण घालून न पिळता बुचकळावे. पात्यांना सुक्या फडक्याने पुसून तेलाचा हलका हात द्यावा.

पहिल्या स्पर्धेला जाताना

कोथरूडहून चांदणी चौकमार्गे बालेवाडीच्या क्रीडासंकुलात सकाळच्या हजेरीला पोहोचायचे असेल तर घरून किती वाजता निघावे, यावर प्रत्येक पुणेकराचे ठाम मत असते. त्या मतात अर्धा तास मिळवावा. भवानी देवी चौदा वर्षांची असताना तुर्कस्तानात पहिली आंतरराष्ट्रीय स्पर्धा खेळायला गेली आणि तीन मिनिटे उशीर झाल्यामुळे तिला काळे कार्ड मिळाले, म्हणजे स्पर्धेतून बाहेर काढण्यात आले. हा प्रसंग मी आमच्या मुलीला एकदाच सांगितला. तेव्हापासून घाई तीच करते.

आदल्या रात्री बॅग पालकाने भरू नये, शेजारी बसून फक्त पाहावे. चालू स्थितीतली किमान दोन शस्त्रे आणि दोन बॉडीवायर, म्हणजे शस्त्र गुण दाखवणाऱ्या यंत्राला जोडणाऱ्या तारा, जवळ असाव्या लागतात; पट्टीवर शस्त्र बंद पडले आणि दुसरे नसेल तर पिवळे कार्ड मिळते आणि पुन्हा चूक झाली तर लाल कार्डाबरोबर प्रतिस्पर्ध्याला गुण जातो. फॉइलच्या टोकाची स्प्रिंग पाचशे ग्रॅमचे वजन उचलून धरते की नाही हे घरीच तपासता येते. टोक वर करून शस्त्र उभे धरायचे, वजन त्यावर ठेवून दाबायचे आणि सोडायचे; स्प्रिंगने वजन परत वर ढकलले आणि दिवा विझला तर टोक ठीक आहे. इपीला हेच वजन साडेसातशे ग्रॅमचे असते.

स्पर्धा सुरू होते ती पूलमध्ये. पाच-सहा जणांचा गट, प्रत्येकाची प्रत्येकाशी पाच गुणांची लढत. त्यातून बाद फेरी ठरते आणि ती पंधरा गुणांची असते. पूलमध्ये सगळ्या लढती हरलेले मूल दुपारी बारा वाजता मोकळे होते आणि पालकांनी आणलेला डबा तसाच राहतो. हे होणार आहे असे गृहीत धरावे.

हार आणि वही

हंगेरीच्या आरोन सिलाज्यीचे नाव सेबर खेळणाऱ्या प्रत्येक मुलाला ठाऊक असते: २०१२, २०१६ आणि टोकियो, अशी सलग तीन वैयक्तिक सुवर्णपदके, जी त्याच्याआधी कोणत्याही पुरुष तलवारबाजाला मिळाली नव्हती. मुलांना हे तीन आकडे सांगावेत आणि त्यांच्या अलीकडचे-पलीकडचेही सांगावे. २००८ मध्ये बीजिंगला तो अठरा वर्षांचा होता आणि पदकाविना परतला. २०२४ मध्ये पॅरिसला तीन वेळचा विजेता म्हणून उतरला आणि पहिल्याच लढतीत कॅनडाच्या फारेस अर्फाकडून हरला; त्याच ऑलिंपिकमध्ये काही दिवसांनी तो संघाबरोबर रौप्यपदक घेऊन परतला. भवानी देवी टोकियोत पहिली लढत १५-३ अशी जिंकून दुसरी फ्रान्सच्या मानों ब्रुनेकडून ७-१५ अशी हरली होती. दोन वर्षांनी चीनमधल्या वूशीच्या आशियाई तलवारबाजी अजिंक्यपद स्पर्धेत तिने तेव्हाची जगज्जेती मिसाकी एमुरा हिला १५-१० असे हरवले आणि कांस्यपदक मिळवले. त्या स्पर्धेतले भारताचे ते पहिले पदक होते.

या खेळात वय लवकर संपत नाही, हेही पालकांनी स्वतःला बजावावे. वेझालीने जून २००५ मध्ये मुलाला जन्म दिला आणि त्याच वर्षी ऑक्टोबरात जागतिक विजेतेपद मिळवले. हंगेरीचा अलादार गेरेविच १९३२ ते १९६० अशा सहा ऑलिंपिकमध्ये सांघिक सेबरचे सुवर्ण जिंकत राहिला. शेवटच्या वेळी तो पन्नास वर्षांचा होता. चौदा वर्षांखालील गटात जिल्ह्यातून निवड झाली नाही म्हणून घरात सुतकी चेहरे करणाऱ्यांनी ही दोन नावे फ्रीजवर लिहून ठेवावीत. दहावीला खेळ बंद करण्याचा निर्णय घेण्यापूर्वी अमेरिकेच्या ली कीफरकडेही पाहावे. वैद्यकीय महाविद्यालयात प्रवेश घेतलेला असताना तिने टोकियो आणि पॅरिस दोन्हीकडे फॉइलचे सुवर्ण जिंकले. केवळ क्रीडा गुणांसाठी आलेले मूल मात्र दोन पावसाळे टिकत नाही, असा माझा अनुभव आहे.

विजेत्यांच्या लढतींची चित्रफीत मुलांबरोबर पाहायची असेल तर आवाज बंद करावा आणि पडद्याचा वरचा अर्धा भाग वहीने झाकावा. मग फक्त पाय दिसतात. सिलाज्यी कधी अर्धे पाऊल कमी टाकतो आणि समोरच्याचा वार हवेत कसा जातो, हे तलवार दिसत असताना लक्षात येत नाही.

तीच वही नंतर लढतींच्या नोंदीसाठी वापरावी. प्रतिस्पर्ध्याचे नाव किंवा निकाल मोठ्या अक्षरांत लिहू नये. गुण कसा गेला एवढेच एका ओळीत लिहावे, आणि ते मुलाने लिहावे. दुचाकीवरून परतताना पालकाने विषय काढू नये, कारण हेल्मेटमधून ऐकू येत नाही हे मुलांना चांगले ठाऊक असते आणि ती त्याचा फायदा घेतात. माझ्या मुलीच्या वहीत गेल्या स्पर्धेची नोंद अशी आहे: "४-४. मी मागे गेले, मागची रेषा विसरले. बाबा ओरडत होते."