बोलोन्यात फूड आणि वाईन वॉक घेताय? मग या चुका टाळा

मी बोलोन्यात राहते, त्यामुळे इटलीला येणारे नातेवाईक, नातेवाइकांचे शेजारी आणि शेजाऱ्यांच्या ऑफिसातले लोक कधी ना कधी मला फोन करतातच आणि विचारतात की तिकडे ती गाईडबरोबर चालत चालत खायची टूर असते ना, ती घ्यावी का. घ्या की, नक्की घ्या. रोम, फ्लॉरेन्स, व्हेनिस करताना लोक या स्टेशनवरून नुसते पास होतात आणि इटलीतलं सगळ्यात चांगलं खाणं खिडकीतून मागे सोडतात. पण पाहुण्यांबरोबर या टूरना इतक्यांदा जाऊन आलेय की आता कोण कुठे गडबड करणार ते मला बुकिंगच्या वेळीच कळतं.

टूर साधारण सकाळी दहाच्या आसपास सुरू होते, तीन-चार तास चालते, आणि बहुतेकदा पियात्सा माज्जोरे या मुख्य चौकाला लागून असलेल्या क्वाद्रिलातेरोच्या गल्ल्यांमध्येच फिरते. मॉर्टाडेला (डुकराच्या मांसाचं जाडजूड सॉसेज) आणि हॅमचं दुकान, हाताने पास्ता लाटणाऱ्या बायका, चीज, बाल्सामिको म्हणजे मुरवलेलं द्राक्षाचं व्हिनेगर, मग एखादी ओस्तेरिया, म्हणजे जुन्या वळणाचा वाईनचा अड्डा, आणि शेवटी जेलाटो, इथलं आईस्क्रीम. ऐकायला सोपं आहे, आणि म्हणूनच लोक तयारी करत नाहीत.

"व्हेज आहोत हे तिथे गेल्यावर सांगू"

यावर मी जरा जास्त बोलणार आहे, कारण मराठी घरातून येणाऱ्या दर दुसऱ्या ग्रुपमध्ये हे होतंच.

आमच्या ओळखीचं नागपूरचं एक कुटुंब आलं होतं. काका सगळं खाणारे, मुलगा-सून पण, काकू मात्र पक्क्या शाकाहारी, अंडंसुद्धा नाही. ऑनलाईन बुकिंग करताना खाण्याच्या पथ्याचा रकाना होता तो मुलाने रिकामा सोडला, म्हणे एकीसाठी काय लिहायचं, गाईड करेल मॅनेज. पहिला स्टॉप मॉर्टाडेला आणि प्रोश्शुत्तोचं, म्हणजे मुरवलेल्या हॅमचं ताट. गाईड बिचारी चटपटीत होती, तिने काकूंसाठी लगेच ब्रेड आणि पार्मिज्यानो मागवलं. काकूंना ते चीज प्रचंड आवडलं, चोवीस महिन्यांचं वेगळं, छत्तीस महिन्यांचं वेगळं असं कौतुकाने चाखणं चाललं होतं आणि तेवढ्यात गाईड चीज कसं बनतं ते सांगायला लागली. दूध, मग ते फाडायला वासराच्या पोटातून मिळणारं रेनेट... काकूंचा हात तोंडाजवळच थांबला. "अगं, मग इतका वेळ मी काय खात होते?" यावर कोणाकडेच उत्तर नव्हतं.

पुढचा स्टॉप पास्ता. टॉर्टेलिनी म्हणजे सारण भरलेला छोटा पास्ता, त्याच्या आत डुकराचं मांस, प्रोश्शुत्तो, मॉर्टाडेला, पार्मिज्यानो आणि अंडं, आणि ते सगळं मांसाच्या सूपमध्ये. गाईडने धावपळ करून रिकोटा भरलेले टॉर्टेलोनी मिळतील का म्हणून फोन लावला, मिळाले, पण बोलोन्याचा ताजा पास्ता म्हणजे अंड्यातच मळलेला, साधारण शंभर ग्रॅम मैद्याला एक अंडं. तेही गेलं. पुढे गरमागरम तळलेल्या क्रेशेंतीने आल्या, पुरीसारख्या फुगलेल्या, काकूंचे डोळे चमकले, आणि त्या तळल्या होत्या डुकराच्या चरबीत. एक वाजेपर्यंत काकूंच्या पोटात ब्रेड, द्राक्षं आणि राग एवढंच होतं. आणि घरी येऊन सगळे शिव्या कोणाला घालतात, तर गाईडला! अहो, तिची दुकानं आदल्या दिवशी ठरलेली असतात, दुकानदार सकाळी मोजून ताटं लावतात, भर बाजारात ती कुठून आणणार वेगळं?

एक लक्षात घ्या, पार्मिज्यानोमध्ये वासराचं रेनेट असणं हा नियमच आहे, त्यात "व्हेज पार्मिज्यानो" मिळत नाही. वनस्पतीचं किंवा मायक्रोबियल रेनेट वापरलेली दुसरी चीजं इटलीत मिळतात, पण ती मुद्दाम शोधावी लागतात, म्हणजेच गाईडला आधी कळायला हवं. माझी सवय अशी आहे की चार-पाच दिवस आधी मी ईमेल टाकते आणि त्यात "व्हेजिटेरियन" एवढं लिहून मोकळी होत नाही, एकेक ओळ लिहिते: मांस नाही, मासे नाहीत, अंडं नाही, मांसाचं सूप नाही, चरबीत तळलेलं नाही, प्राण्याचं रेनेट असलेलं चीज चालेल की नाही. जैन असतील तर कांदा-लसूणसुद्धा. आदल्या संध्याकाळी परत एक मेसेज. गाईडला कंटाळा येतो का, येत असेल, पण दुसऱ्या दिवशी ताटात काहीतरी असतं. आणि उत्तरात "जमणार नाही" असं आलं तर ते प्रामाणिक उत्तर आहे, आनंदाने दुसरी टूर शोधा. अंडंही न खाणाऱ्यांनी बोलोन्याऐवजी दक्षिणेकडे, नेपल्सला वगैरे अशी टूर घ्यावी असं माझं स्पष्ट मत आहे. तिकडे सुका पास्ता बिनअंड्याचा असतो, पिझ्झा मारिनाराला तर चीजही नसतं.

जेलाटोत पण बघा, क्रेमा फ्लेवरमध्ये अंड्याचा बलक असतो. फळांचं सोर्बेत्तो घेतलं की सहसा दूध-अंडं दोन्ही नाही, तरी विचारून घ्या.

हॉटेलचा ब्रेकफास्ट फुकट आहे म्हणून

फुकट आहे म्हणून चार क्रोसाँ, दोन अंडी आणि दही-ग्रॅनोला हाणून लोक टूरला येतात. मग पहिल्या दुकानात ताट दिसल्यावर "पैसे वसूल" हा आपला राष्ट्रीय आजार उफाळून येतो आणि मॉर्टाडेलाची अख्खी थप्पी संपते. तिसऱ्या स्टॉपला, म्हणजे जिथे खरी ताल्यातेल्ले (रागूबरोबरचा, म्हणजे मांसाच्या सॉसबरोबरचा पट्ट्यांचा पास्ता) येते, तिथे हे लोक पट्टा सैल करून भिंतीला टेकलेले. एकदा एका पाहुण्याने माझ्यासमोर रागूची प्लेट काट्याने नुसती इकडून तिकडे ढकलली आणि मग रात्री दहाला विचारलं की ते सकाळचं परत कुठे मिळेल. मी उत्तर दिलं नाही.

सकाळी एक एस्प्रेसो, फार तर एक बिस्किट. पहिल्या दोन स्टॉपना प्रत्येक गोष्टीचा एकच तुकडा. आवडलं तर दुकानाचं नाव फोनमध्ये टिपून ठेवा, दुकान दुसऱ्या दिवशीही तिथेच असतं. मध्येच पोट भरलंच तर गाईडला सरळ सांगा आणि थोडं मागे राहून पोर्टिकोंखालून सावकाश चाला. बोलोन्यात असे कमानींचे झाकलेले रस्ते सगळे मिळून साठ किलोमीटरच्या वर भरतात, 2021 साली युनेस्कोच्या यादीत पण गेलेत, त्यामुळे ऊन-पाऊस काही असो, जिरवायला जागा आहे.

वाईन

लाम्ब्रुस्को थंड असते, लाल असते, फेसाळते, आणि म्हणून लोकांना ती सरबत वाटते. अल्कोहोल साधारण अकरा टक्के असतं हो त्यात. त्यानंतर पिन्योलेत्तो येते, ही इथल्याच टेकड्यांवरची पांढरी, मग एखादी लाल सांजोवेझे, आणि दुपारच्या उन्हात दोन वाजता काकांना फोटोसाठी धरून उभं करावं लागतं. प्रत्येक ग्लास संपवलाच पाहिजे असं काही नसतं, अर्धा सोडलात तर कोणी रागवत नाही. मी स्वतः दर ग्लासबरोबर तेवढंच पाणी मागते आणि काही खाल्ल्याशिवाय पहिला घोट घेत नाही. डोक्यात गेलीच तर खुर्चीत बसा, पाणी प्या, ब्रेड खा, "कॉफी मारली की उतरेल" हा शॉर्टकट चालत नाही, कॉफीने फक्त टक्क जागे राहता.

आणि नाशिकला एकदा टेस्टिंग केलंय म्हणून ग्लास गोल गोल फिरवून गाईडला लेक्चर देणारे एक जण प्रत्येक ग्रुपमध्ये असतातच. फेसाळती वाईन फिरवली की त्यातला फेसच जातो. असो.

न पिणाऱ्यांनी बुकिंगच्या वेळी सांगा आणि त्याबदल्यात काय देतात, पैसे कमी होतात का ते तेव्हाच विचारा, नंतर काउंटरवर वाद नको.

ओस्तेरिया देल सोले नावाची जागा खूप टूरमध्ये असते, 1465 पासूनची. तिथे फक्त प्यायला मिळतं, खाणं तुम्ही बाहेरच्या बाजारातून आणायचं. हे गाईड सांगत असते तेव्हा आपली मंडळी सेल्फी काढत असतात आणि मग आत जाऊन मेनूकार्ड मागतात. उलटंही करतात, खाण्याची पुडकी घेऊन बसायचं आणि प्यायला काहीच घ्यायचं नाही. टेबल त्यांचं आहे, काहीतरी मागवा.

टोमॅटो दाबून बघणं

मंडईत दाबून, वास घेऊन, चार बाजूला सारून पाचवा उचलायचा हे आपल्या हातातच बसलंय, कळतं मला. इथे भाजी-फळाच्या दुकानात माल दुकानदारच उचलून देतो, गिऱ्हाइकाने हात लावायचा नाही. गाईड बोलता बोलता एका मावशींनी पीच दाबलं, दुकानदार इतक्या जोरात ओरडला की पूर्ण ग्रुप गप्प, मावशी मला म्हणाल्या, "घेणार होतेच ना मी!" मुद्दा घेण्याचा नव्हताच. बोटाने दाखवा, कधी खायचंय ते सांगा, आज की उद्या, त्याप्रमाणे पिकलेलं काढून देतात, आणि खरं सांगायचं तर ते आपल्यापेक्षा चांगलं निवडतात. भावही करू नका.

त्याच दिवशी ट्रेनने येऊन टूर पकडणं

फ्लॉरेन्सहून फास्ट ट्रेन पाऊण तासाच्या आत पोचते, मग दहाच्या टूरला सव्वानऊला पोचणारी ट्रेन पुरे, असा हिशोब. ट्रेन लेट होते हे एक. दुसरं म्हणजे फास्ट गाड्यांचे प्लॅटफॉर्म, 16 ते 19, जमिनीखाली खूप खोल आहेत, बॅगा घेऊन वर यायलाच वेळ जातो, आणि तिथून चौकापर्यंत चालत वीस मिनिटं. वर बॅगा ओढत टूरला आलात तर त्या गल्लीतल्या दुकानात तुम्ही तरी मावाल किंवा बॅग तरी. आदल्या रात्री मुक्काम करा. अगदीच शक्य नसेल तर सामान स्टेशनवर ठेवा आणि दुपारची टूर घ्या. भाड्याच्या गाडीने येणाऱ्यांनो, जुन्या शहराच्या बऱ्याच भागात परवानगीशिवाय गाडी नेता येत नाही, कॅमेरे आहेत, आणि दंडाचं पत्र तुम्ही पुण्याला पोचून इटली विसरल्यावर येतं.

उशीर झालाच तर "पंधरा मिनिटांत येतो" म्हणून थापा मारू नका, गाईडला विचारा की पुढचा स्टॉप कुठला आणि थेट तिथे जा. ग्रुप हरवला तरी हेच, गल्लीगल्ली शोधत बसू नका, नेपच्यूनच्या कारंज्यापाशी उभे राहून फोन लावा.

बाकीच्या पटापट

स्पॅगेटी बोलोनीज मागू नका. इथे रागू ताल्यातेल्लेबरोबर खातात, आणि हे लोक त्याबाबत इतके गंभीर आहेत की शिजलेल्या ताल्यातेल्लेची रुंदी आठ मिलिमीटर असं ठरवून 1972 साली सोन्याचा नमुना चेंबर ऑफ कॉमर्समध्ये ठेवलाय.

ऑगस्टच्या मध्यात येऊ नका, पंधरा तारखेच्या आगेमागे निम्मी चांगली दुकानं सुट्टीवर असतात. रविवारी पण बुकिंगआधी विचारा की कोणते स्टॉप उघडे असतील.

टूरनंतर शहरातल्या जोडीच्या जुन्या टॉवरांपैकी उंच असिनेल्ली चढायचा प्लॅन ठेवू नका. कललेल्या गारिसेंदाच्या कामामुळे 2023 च्या शेवटापासून शेजारचा तोही बंद केलाय, येण्याआधी ताजी स्थिती बघून घ्या.

"फ्री टूर" म्हणजे शेवटी टिप द्यायची टूर, आणि खाण्याचे पैसे बहुधा वेगळे. रील बघून "आम्ही स्वतःच तासाभरात करतो" म्हणणाऱ्यांना माझा विरोध नाही, फक्त मग नंतर मला सांगू नका की मॉर्टाडेला म्हणजे नुसतं सॉसेज निघालं.

खरेदी

बाल्सामिको घेताना लोक घाई करतात. मोदेना इथून चाळीसेक किलोमीटरवर, त्यामुळे प्रत्येक दुकानात बाटल्याच बाटल्या. खरा जुना "त्रादित्सियोनाले" फक्त शंभर मिलीच्या ठरलेल्या आकाराच्या बाटलीत येतो, किमान बारा वर्षं मुरलेला, आणि "एक्स्त्राव्हेक्क्यो" लिहिलं असेल तर पंचवीस. म्हणजे पाव लिटरच्या बाटलीवर मोठा वीसचा आकडा दिसला तर तो खरा त्रादित्सियोनाले नव्हेच. साधा, "आयजीपी" असा शिक्का असलेला स्वस्तातला बाल्सामिको वाईट नसतो, सॅलडला मी तोच वापरते, पण त्याला मुरायला साठ दिवसही पुरतात आणि किंमत तशीच द्यावी. टूर संपायच्या आधी काहीच विकत घेऊ नका, हातातली पिशवी तीन तास जड होत जाते.

चीज घेतलंत आणि पुढे अजून फिरायचंय तर "सोत्तोव्हुओतो" म्हणा, व्हॅक्युम पॅक करून देतात. वाईन चेक-इन बॅगेत, कपड्यांत गुंडाळून, माणशी दोन लिटरपर्यंत ड्युटी लागत नाही. मॉर्टाडेला मात्र इथेच संपवा, डुकराच्या मांसाचे पदार्थ परवान्याशिवाय भारतात नेता येत नाहीत. हे मी प्रत्येकाला सांगते, प्रत्येक जण मान डोलावतो, आणि त्यातला एखादा मुंबईत उतरल्यावर कस्टमच्या रांगेतून मला मेसेज करतो की आता काय म्हणू.