अनुकंपाचा अर्ज: घरोघरी होणाऱ्या त्याच त्या चुका

सरकारी नोकर सेवेत असताना गेला की तेराव्याला जमलेल्या मंडळींत एक वाक्य हमखास ऐकू येतं: "पोराला चिकटवून घेतील, हक्कच आहे तो." आस्थापना शाखेत, म्हणजे नेमणुकांचे कागद हाताळण्यात, उभी नोकरी गेली माझी, त्यामुळे हे वाक्य कानावर पडलं की डोकंच उठतं. सर्वोच्च न्यायालयाने १९९४ मध्ये उमेशकुमार नागपाल विरुद्ध हरियाणा या प्रकरणात स्पष्ट केलं, की ही अनुकंपा तत्त्वावरची नोकरी वारसाहक्काने मिळत नाही. कमावता माणूस गेल्यावर घर उघड्यावर पडू नये म्हणून दिलेली ती सवलत आहे. नियमाप्रमाणे आपला विचार व्हावा, एवढंच तुम्ही मागू शकता. तेही वेळेत. सात-आठ वर्षं गप्प बसून मग अर्ज केलात, तर समोरचा विचारणारच, "इतके दिवस घर कसं चाललं?"

आता माझी सगळ्यात नावडती चूक. "आत्ता आईचं नाव घालू, पोरगा मोठा झाला की बदलून घेऊ."

एका कार्यालयातला वाहनचालक गेला. बायको चाळिशी ओलांडलेली, बारावी झालेली, मुलगा नववीत. बाईंना कोणी काही विचारलंच नाही. दिरांनी ठरवलं, वहिनींचं नाव अनुकंपाच्या प्रतीक्षायादीत घालून जागा धरून ठेवायची. यादी गोगलगाईच्या चालीने सरकत होती. बाईंना पंचेचाळीस पूर्ण झाली आणि वयोमर्यादेने नाव गळलं. मुलाने अठराव्या वर्षी अर्ज केला, तर उत्तर आलं: "प्रतीक्षासूचीतील उमेदवार बदलण्याची तरतूद नसल्याने आपला अर्ज निकाली काढण्यात येत आहे." तेव्हा महाराष्ट्र शासनाचा २० मे २०१५ चा शासन निर्णय लागू होता आणि यादीतला उमेदवार मेल्याशिवाय नाव बदलत नसे. पुढे मार्च २०२० मध्ये मुंबई उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठाने ही बंदी असमर्थनीय ठरवली, २०२४ मध्ये पूर्णपीठानेही तेच म्हटलं आणि जुलै २०२५ च्या सुधारित धोरणात नाव बदलण्याची वाट मोकळी झाली. म्हणून आता कोणाचंही नाव टाकलं तरी चालतं, असं समजू नका. बदलाचाही अर्ज करावा लागतो, त्यालाही पात्रता लागते आणि त्यावरही कोणीतरी टिपणी लिहायची असते.

माझी पद्धत साधी होती. समोर आलेल्या घराला कोरा कागद द्यायचो. प्रत्येकाचं नाव, जन्मतारीख, शिक्षण लिहा म्हणायचो. मूल अज्ञान असेल तर सज्ञान झाल्यावर त्याला अर्जासाठी वेगळी मुदत मिळते, त्यामुळे जागा धरायची घाई कशाला? आणि बाई शिकलेली असेल, तिची तयारी असेल, तर तिनेच नोकरी का करू नये? बारावी झालेली बाई कार्यालयात उत्तम काम करते. हे सांगितलं की दिरांचे चेहरे पाहण्यासारखे होत. मयत विवाहित असेल तर भावाचा नंबर लागत नाही, हे त्यांना तिथेच कळायचं. विधवा सुनेचा, घटस्फोटित किंवा परित्यक्ता मुलीचा मात्र नियमात विचार आहे. लग्न झालेल्या मुलीचं नाव तर घरचेच आपणहून वगळतात. नियम तिला सरसकट वगळत नाही.

दुसरी चूक म्हणजे अर्ज हातात देणं. साहेब सांत्वनाला घरी येतात, "वहिनी, काळजी करू नका, मी बघतो" म्हणतात, आणि वहिनी त्यांच्याच हातात कागद देतात. साहेबांची बदली होते. नव्या साहेबांच्या टेबलावर तो कागद नसतो, आवक नोंदवहीत त्याची ओळही नसते. साहेब खोटे नव्हते, पण सांत्वनाला आवक क्रमांक नसतो. दोन प्रती घेऊन जा, एकीवर आवक शिक्का, तारीख आणि सही घ्या. लिपिक "ठेवून जा" म्हणाला तर हसून तिथेच उभे राहा. तरीही नाही दिली पोच, तर पोस्टात जाऊन स्पीड पोस्टने पाठवा आणि पावती जपा. मुदत किती, यावर लोक वाद घालत बसतात. जुना नियम एक वर्षाचा, त्यापुढे विलंब माफीची भानगड, नंतर धोरण बदललं. मी म्हणतो, वर्षाच्या आत अर्ज टाका, म्हणजे कुठलाही शासन निर्णय निघाला तरी झोप उडणार नाही.

बाकीच्या चुका थोडक्यात. ३१ डिसेंबर २००१ नंतर तिसरं अपत्य झालं असेल तर त्यावर पात्रता ठरते, ते लपवू नका, रेशनकार्डच बोलतं. दुसऱ्या पत्नीच्या मुलांना "तुमचा संबंध नाही" म्हणून हाकलू नका, व्ही. आर. त्रिपाठी प्रकरणात २०१८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने अशा मुलांना केवळ त्या कारणावरून डावलता येत नाही असं सांगितलंय. सफाई कामगारांच्या वारसांना लाड-पागे समितीच्या शिफारशींनुसार नोकरी मिळते तो वारसा हक्क वेगळा, अनुकंपा वेगळी. पहिला निवृत्तीनंतरही लागू होतो, दोन्हींचे अर्ज एकात कालवू नका. नियुक्ती फक्त गट-क आणि गट-ड मध्ये होते, वडील अधिकारी होते म्हणून मुलाला अधिकारी करत नाहीत. लिपिक व्हायचं असेल तर वाट पाहण्याच्या काळात टायपिंग उरकून घ्या, मिनिटाला मराठी ३० नाहीतर इंग्रजी ४० शब्द. हे ऐकून "आधी नोकरी तर लागू द्या" म्हणणारी मुलं पुढे प्रमाणपत्रासाठी मुदतवाढ मागत येतात. आणि "वर ओळख आहे, यादीत नाव वर सरकवतो" म्हणणाऱ्याला चहासुद्धा पाजू नका.

पत्त्याची एक गोष्ट राहिली. वडील गेल्यावर सरकारी क्वार्टर सोडावं लागतं. घर गावी जातं, अर्जावर पत्ता मात्र क्वार्टरचाच राहतो. मग कागदपत्रं तपासायला बोलावल्याचं पत्र "सदर व्यक्ती या पत्त्यावर राहत नाही" असा शेरा घेऊन परत येतं आणि फाइलला लागतं. घर बदललं, मोबाइल नंबर बदलला, की त्याच आठवड्यात पत्र द्या. तेही आवक शिक्क्यासह. शिवाय दर जानेवारीत कार्यालयात जाऊन प्रतीक्षायादीत आपला क्रमांक कितवा आहे तो स्वतःच्या डोळ्यांनी पाहून या.