ड्युएलवाली रशियन सिरीयल घरच्यांसोबत कशी बघायची

रशियन कथेवरची ड्युएलवाली, म्हणजे दोघांनी ठरवून, नियमाने केलेल्या पिस्तुलाच्या द्वंद्वाची, सिरीयल लावली की आमच्याकडे इंदौरात पहिल्या दहा मिनिटांत कोणीतरी म्हणतंच, एवढ्याशा बोलण्यावरून पिस्तूल कशाला, एक कानाखाली द्यायची ना. म्हणून रविवारी पोहे-जलेबी होईपर्यंत सगळ्यांना आधी थोडं सांगून ठेवा.

पहिलं म्हणजे ही मारामारी नाहीये. अपमान झाला की आव्हानाचा निरोप जातो, दोघांचे साक्षीदार ठरतात, त्यांना सेकंड म्हणतात, पावलं मोजली जातात, आणि ह्या सेकंडचं पहिलं काम काय तर समेट करायचा! त्यामुळे पिस्तुलाकडे नाही, सेकंडकडे बघा. पुश्किनच्या ओनेगिनच्या गोष्टीत ओनेगिन आणि त्याचा मित्र लेन्स्की यांचं ड्युएल ठरतं, तिथे लेन्स्कीचा सेकंड झारेत्स्की समेटाचा विषयच नीट काढत नाही, ओनेगिन उशिरा येतो आणि सेकंड म्हणून चक्क नोकराला आणतो, एवढ्यावर ड्युएल रद्द करता आलं असतं पण कोणी करत नाही आणि बिचारा लेन्स्की जातो. मला गोळीपेक्षा तेच जास्त लागतं. आणि हे लिहिणारा रशियन कवी पुश्किन स्वतः 1837 मध्ये ड्युएलमध्येच गेला, मधे फक्त दहा पावलांचं अंतर होतं, हे सांगा म्हणजे मुलं मोबाईल खाली ठेवतात.

गोष्ट कोणत्या सालची आहे तेही बघून घ्या. आधी कायद्याने बंदी होती तरी चालायचं, 1894 नंतर मात्र सैन्यातल्या अफसरांना परवानगीच मिळाली, म्हणून कुप्रिन या रशियन लेखकाच्या गोष्टीत रोमाशोव्ह नावाच्या अफसरावर ड्युएलसाठी पलटणीचंच प्रेशर येतं.

नावं कागदावर लिहून टीव्हीजवळ चिकटवा, एकाच माणसाला तीन नावांनी हाक मारतात हो.

पहिल्यांदाच बघत असाल तर रशियन लेखक चेखवच्या ड्युएलच्या गोष्टीपासून सुरू करा, 1891 ची आहे. तिथे ड्युएल कसं करतात ते कोणालाच नीट माहीत नसतं, कादंबऱ्यांत काय वाचलं होतं ते आठवत बसतात. ड्युएल लायेव्स्की आणि फॉन कोरेन यांचं, लायेव्स्की हवेत गोळी झाडतो, फॉन कोरेन मात्र खरंच नेम धरतो. इथे आमच्या इंदौरच्या सानंद संस्थेच्या नाटकाला बसतो तसं गप्प बसा, कोणी चहा विचारायचा नाही, कारण तेवढ्यात नदीपलीकडच्या भुट्ट्याच्या शेतातून भिजलेला पाद्री जिवाच्या आकांताने ओरडतो आणि नेम चुकतो, गोळी लायेव्स्कीच्या मानेला घासून जाते. तो सीन मागे घेऊन परत लावा, दुसऱ्यांदा फक्त फॉन कोरेनचा चेहरा बघा.