जुन्या चादरीची वेणी, कुत्र्याचे खेळणे
गोव्याच्या पावसात कुत्र्याला फिरवणे दोन-दोन दिवस राहून जाते आणि मग त्याचे दात घरातल्या चपलांवर चालतात. अशा वेळी विरलेली सुती चादर कामी येते. तिच्या साधारण 5 सेंटिमीटर रुंद व 60 सेंटिमीटर लांब अशा 9 पट्ट्या कापून, तीन-तीनचे पेड करून एका टोकाला गाठ मारावी, ती दाराच्या कडीत अडकवून वेणी घट्ट ओढत घालावी आणि दुसऱ्या टोकालाही गाठ द्यावी. गाठी ओल्या करून आवळल्यास अधिक घट्ट बसतात. धुतलेली वेणी आमच्या दमट हवेत आतून लवकर सुकत नाही व कुबट वास मारते, म्हणून दोन करून ठेवलेल्या बऱ्या. गिळलेले धागे आतड्यात अडकू शकतात, त्यामुळे खेळताना लक्ष ठेवावे आणि वेणी उसवू लागताच टाकून द्यावी.